एका कपट्याचे वय

इंग्लंडमधील मँचेस्टर शहरात जॉन रायलँड्स ग्रंथालय आहे. तेथे दोन काचांच्या मध्ये जपून ठेवलेला पपायरसचा एक तुकडा आहे. उंची सुमारे ९ सेंटिमीटर, रुंदी सुमारे ६ सेंटिमीटर. म्हणजे आपल्या पोस्टकार्डाच्या निम्म्याहून लहान. दोन्ही बाजूंना ग्रीक भाषेतील सात-सात ओळी आहेत आणि त्यांतली एकही ओळ पूर्ण नाही. अभ्यासक या तुकड्याला 'पी-५२' म्हणतात. ख्रिस्ती धर्मग्रंथाच्या 'नव्या करारा'ची आज उपलब्ध असलेली सर्वांत जुनी प्रत म्हणून या कपट्याची ख्याती आहे. अनेक पुस्तकांत त्याच्याखाली 'इ.स. १२५' असा काळ छापलेला असतो.

आपल्यासारख्या शिक्षकांना येथे एक साधा प्रश्न पडायला हवा. १२५ हा आकडा आला कोठून? तुकड्यावर तारीख नाही. लिहिणाऱ्याचे नाव नाही. तो कोणत्या गावी, किती खोल मातीत सापडला याची नोंद नाही. मग वर्ष कसे ठरले? आणि १२५ च का, १७५ किंवा २२५ का नाही?

या प्रश्नाचा पाठपुरावा करणाऱ्या अभ्यासकांपैकी एक आहेत ब्रेंट नॉन्गब्री. प्रारंभीच्या ख्रिस्ती हस्तलिखितांचा काळ ठरवण्याच्या पद्धती तपासून पाहणे हा त्यांच्या संशोधनाचा विषय. २००५ साली त्यांनी पी-५२ बद्दल एक लेख लिहिला आणि २०१८ साली 'गॉड्स लायब्ररी' हे पुस्तक प्रसिद्ध केले. या कामाचा गाभा धर्मशास्त्राचा नसून पुराव्याच्या शास्त्राचा आहे. म्हणूनच या मासिकात त्याची ओळख करून द्यावी असे आम्हाला वाटले.

तुकडा स्वतः काय सांगतो?

आधी खात्रीच्या गोष्टी पाहू या. पपायरस ही नाईल नदीकाठच्या दलदलीत वाढणारी लव्हाळ्याच्या जातीची वनस्पती. तिच्या दांड्यातील गराच्या पातळ पट्ट्या कापून एक थर उभा, त्यावर दुसरा थर आडवा असा ठेवतात आणि दाबून वाळवतात. त्याचा कागदासारखा ताव तयार होतो. त्यावर काजळी, डिंक आणि पाणी यांच्या शाईने बोरूने लिहीत.

बर्नार्ड ग्रेनफेल या इंग्रज संशोधकाने १९२० साली इजिप्तमध्ये जुन्या वस्तूंच्या विक्रेत्याकडून काही पपायरस विकत घेतले. त्यांत हा तुकडा होता. कित्येक वर्षे तो इतर तुकड्यांबरोबर पडून राहिला. पुढे कॉलिन रॉबर्ट्स हे तरुण अभ्यासक हा संग्रह चाळत असताना त्यांच्या लक्षात आले की या ओळी योहानकृत शुभवर्तमानाच्या अठराव्या अध्यायातील आहेत. रोमन अधिकारी पिलात येशूची चौकशी करतो, तो हा प्रसंग. १९३५ साली रॉबर्ट्स यांनी हा तुकडा प्रसिद्ध केला.

येथे एक सुंदर गणित आहे. तुकडा लहान असला तरी मूळ मजकूर आपल्याला इतर प्रतींवरून पूर्ण माहीत आहे. त्यामुळे फाटलेल्या ओळींत कोणते शब्द असावेत हे भरून काढता येते आणि एका ओळीत साधारण किती अक्षरे होती हे कळते. पुढच्या बाजूचा मजकूर जेथे संपतो आणि मागच्या बाजूचा जेथे सुरू होतो, त्यांच्यामधील अक्षरे मोजली की गहाळ झालेल्या ओळींची संख्या मिळते. अशा रीतीने रॉबर्ट्स यांनी हिशोब केला: प्रत्येक पानावर १८ ओळी, पानाचा आकार सुमारे २१ गुणिले २० सेंटिमीटर आणि पूर्ण शुभवर्तमानाला सुमारे १३० पाने. एवढ्याशा कपट्यावरून संपूर्ण पुस्तकाचा आकार!

दुसरी गोष्ट अशी की मजकूर मागच्या बाजूला पुढे चालू राहतो. त्या काळी ग्रंथ बहुधा गुंडाळीवर लिहीत आणि गुंडाळीच्या आतल्या बाजूलाच लिहीत. दोन्ही बाजूंना सलग मजकूर असेल तर ते पानांचे, वहीसारखे बांधलेले पुस्तक असले पाहिजे. म्हणजे हा तुकडा वहीच्या पानाचा आहे, हेही निश्चित झाले.

येथपर्यंत सारे मोजमापावर आणि तर्कावर उभे आहे. कोणीही ताळा करून पाहावा. वयाचा प्रश्न मात्र वेगळा आहे.

अक्षरावरून काळ

आपल्याकडे जुने दस्तऐवज हाताळणारे जाणकार मोडीचे अक्षर पाहून ते शिवकालीन की पेशवेकालीन हे सांगतात. अक्षरांचे वळण पिढीगणिक बदलते, हे त्यामागचे तत्त्व. याला पुरालिपिशास्त्र म्हणतात. ग्रीक पपायरसांनाही हेच तत्त्व लागू होते.

इजिप्तच्या कोरड्या वाळूत ग्रंथांच्या तुकड्यांबरोबर हजारो व्यवहाराची कागदपत्रेही सापडली आहेत: करारपत्रे, पावत्या, करांच्या याद्या, अर्ज. त्यांवर सम्राटाच्या राज्यारोहणापासून कितवे वर्ष हे लिहिलेले असते, त्यामुळे त्यांचा काळ नेमका कळतो. ग्रंथांच्या प्रतींवर सहसा तारीख नसते. मग करायचे काय, तर तारीख असलेल्या कागदांची अक्षरे एका बाजूला मांडायची, बिनतारखेची प्रत दुसऱ्या बाजूला ठेवायची आणि कोणाशी जास्त साम्य आहे ते पाहायचे.

रॉबर्ट्स यांनी हेच केले. त्यांना इ.स. ९४ मधील एका तारीखवार कागदाशी साम्य दिसले, तसेच इतर काही तुकड्यांशी. त्या काळच्या नामवंत जाणकारांचाही त्यांनी सल्ला घेतला आणि निष्कर्ष मांडला की हा तुकडा दुसऱ्या शतकाच्या पूर्वार्धातील असावा. म्हणजे इ.स. १०० ते १५०. हा निष्कर्ष सावधपणे मांडलेला होता. पुढे पुस्तकांतून पुस्तकांत जाताना त्याचा मध्य तेवढा उरला आणि '१२५' असा नेमका आकडा रूढ झाला.

या आकड्याला एवढे महत्त्व का आले, हेही समजून घ्यावे लागेल. एकोणिसाव्या शतकात जर्मनीतील ट्युबिंगेन येथील अभ्यासक बाउर यांनी असे प्रतिपादन केले होते की योहानाचे शुभवर्तमान बरेच उशिरा, इ.स. १७० च्या आसपास लिहिले गेले. पी-५२ ने हा वाद एका फटक्यात मिटवला असे लोकांना वाटले. इजिप्तमधील एखाद्या गावी १२५ साली या ग्रंथाची प्रत असेल, तर मूळ ग्रंथ त्याच्याही आधीचा हवा. तर्क अगदी बिनतोड आहे. पण तो सगळा '१२५' या एका खुंटीवर टांगलेला आहे.

मोजपट्टीच सरकली

आता या खुंटीची परीक्षा करू. रॉबर्ट्स यांनी ज्या तुकड्यांशी तुलना केली त्यांत 'एगर्टन पपायरस' नावाचा एक महत्त्वाचा तुकडा होता. एका अज्ञात शुभवर्तमानाची ती पाने बेल आणि स्कीट या अभ्यासकांनी त्याच वर्षी, १९३५ मध्ये, प्रसिद्ध केली होती आणि तिचा काळ इ.स. १५० च्या सुमाराचा धरला होता. पी-५२ चे अक्षर एगर्टनच्या अक्षराशी खूप मिळतेजुळते आहे. परंतु एगर्टनवरही तारीख नाही. तिचाही काळ अक्षरावरूनच ठरवलेला.

१९८७ साली जर्मनीतील कोलोन येथील संग्रहात एगर्टनच्याच एका पानाचा आणखी एक लहान तुकडा ओळखला गेला. त्यावर दोन व्यंजनांच्या मध्ये स्वल्पविरामासारखे एक चिन्ह दिसले. हे चिन्ह तारीखवार पपायरसांत तिसऱ्या शतकाच्या आरंभापासून नेहमीचे झाले, असे एरिक टर्नर या पपायरसतज्ज्ञाने आधीच नोंदवून ठेवले होते. झाले! एगर्टनचा काळ अनेकांनी इ.स. २०० कडे सरकवला. ज्या मोजपट्टीने पी-५२ मोजले होते ती मोजपट्टीच पन्नास वर्षांनी सरकली.

वर्गात विद्यार्थ्यांना आपण सांगतो की तुलनेसाठी घेतलेले प्रमाण स्वतः पक्के हवे. एक न मोजलेली काठी दुसऱ्या न मोजलेल्या काठीशी लावून लांबी कळत नाही. येथे नेमके तेच घडले होते.

नॉन्गब्री यांनी काय केले?

२००५ सालच्या लेखात नॉन्गब्री यांनी दोन नियम पाळले. पहिला, तुलनेसाठी फक्त असेच कागद घ्यायचे ज्यांचा काळ अक्षराखेरीज अन्य पुराव्याने निश्चित आहे. दुसरा, शोध फक्त दुसऱ्या शतकाच्या पूर्वार्धातच न करता आजूबाजूच्या दीर्घ काळात करायचा.

दुसरा नियम वरवर क्षुल्लक वाटेल, पण तोच कळीचा आहे. समजा, एखादे जुने पत्र १९६० च्या सुमाराचे असावे अशी आपली आधीच समजूत आहे. मग आपण १९५० ते १९७० मधील पत्रांचाच गठ्ठा काढू आणि त्यांत मिळतेजुळते अक्षर शोधू. ते सापडेलही. परंतु १९८० च्या गठ्ठ्यात त्याहून अधिक साम्य असलेले पत्र असेल तर ते आपल्याला कधीच दिसणार नाही. शोधाची जागाच उत्तर ठरवून टाकते.

नॉन्गब्री यांनी कक्षा वाढवली तेव्हा पी-५२ सारखी वळणे असलेली अक्षरे दुसऱ्या शतकाच्या उत्तरार्धातील आणि तिसऱ्या शतकाच्या प्रारंभीच्या तारीखवार कागदांतही सापडली. त्यांचा निष्कर्ष नीट वाचला पाहिजे. हा तुकडा तिसऱ्या शतकातीलच आहे, असे ते म्हणत नाहीत. ते म्हणतात की शक्य काळाच्या पट्ट्यात दुसऱ्या शतकाचा उत्तरार्ध आणि तिसऱ्याचा आरंभ यांनाही जागा दिली पाहिजे. आणि म्हणून योहानाचे शुभवर्तमान १५० पूर्वी होते की नव्हते हा वाद मिटवण्यासाठी एकट्या या तुकड्याचा आधार घेता येणार नाही.

यावरून बाउर बरोबर होते असे सिद्ध होत नाही, हेही ध्यानात ठेवू. ग्रंथाच्या रचनेचा काळ ठरवण्याचे दुसरे मार्ग आहेत आणि बहुसंख्य अभ्यासक आजही योहानाची रचना पहिल्या शतकाच्या अखेरीस किंवा दुसऱ्याच्या आरंभी झाली असे मानतात. इ.स. १८० च्या सुमारास इरेनियस या ख्रिस्ती लेखकाने तिचा भरपूर आधार घेतलेला आहे. एक पुरावा दुबळा ठरला म्हणून निष्कर्ष खोटा ठरत नाही. तो त्या पुराव्यावर उभा राहू शकत नाही, एवढेच.

सर्वांना नॉन्गब्री यांचे म्हणणे मान्य आहे असेही नाही. २०१२ साली ओर्सिनी आणि क्लारिस या दोन पुरालिपितज्ज्ञांनी नव्या कराराच्या सगळ्या जुन्या प्रतींची फेरतपासणी केली आणि पी-५२ ला १२५ ते १७५ असा काळ दिला. परंतु अनेक प्रतींना इतरांनी फार आधीचा काळ दिला आहे आणि त्यामागे धार्मिक ओढ आहे, ही तक्रार त्यांचीही होती.

माती काय सांगते?

अक्षरांच्या जोडीला आणखी एक साक्षीदार असतो, तो म्हणजे माती. एखादी वस्तू कोणत्या थरात, कशाच्या वर आणि कशाच्या खाली सापडली हे नोंदलेले असेल तर अक्षर न पाहताही बरेच सांगता येते.

याचे उत्तम उदाहरण आजच्या सीरियात युफ्रेटिस नदीच्या काठी आहे. ड्यूरा-युरोपस हे रोमन साम्राज्याच्या सीमेवरील तटबंदीचे नगर. इ.स. २५६ च्या सुमारास इराणच्या सासानी सैन्याने ते जिंकून उद्ध्वस्त केले आणि पुढे ते कधी नीट वसले नाही. वेढ्याच्या तयारीत रोमन सैनिकांनी पश्चिमेकडील तटाला आतून बळकटी देण्यासाठी तटालगतची गल्ली आणि घरे मातीने भरून काढली होती. त्या भरावाखाली एक ख्रिस्ती प्रार्थनाघर आणि एक ज्यू प्रार्थनामंदिर, भिंतीवरच्या चित्रांसह, गाडले गेले आणि म्हणूनच टिकले. १९३३ साली याच भरावात चामड्याच्या पत्रावर ग्रीकमध्ये लिहिलेला एक लहान तुकडा सापडला. निरनिराळ्या शुभवर्तमानांतील मजकूर एकत्र गुंफून केलेल्या कथनाचा तो भाग आहे. हा तुकडा भराव टाकण्यापूर्वीचाच असला पाहिजे, म्हणजे २५६ च्या आधीचा. त्यासाठी अक्षराचे वळण पाहायची गरज नाही. खालची मर्यादा यातून कळत नाही, पण वरची मर्यादा पक्की होते.

दुर्दैवाने अशी उदाहरणे विरळा आहेत. इजिप्तमध्ये कैरोच्या दक्षिणेला सुमारे १६० किलोमीटरवर ऑक्सिरिंकस हे प्राचीन शहर होते. आज तेथे अल-बहनसा हे गाव आहे. १८९६-९७ च्या हिवाळ्यात ग्रेनफेल आणि त्यांचे सहकारी आर्थर हंट यांनी तेथील कचऱ्याचे ढिगारे खणायला सुरुवात केली. काही शतके शहराने टाकलेला कचरा, पाऊस जवळजवळ नाही, आणि नदीचे पाणी तेथवर झिरपत नाही. त्यामुळे कागद टिकून राहिले. पहिल्याच हंगामात येशूच्या नावावरील वचनांचे एक पान मिळाले. ते 'थोमाच्या शुभवर्तमाना'चे आहे हे मात्र १९४५ साली इजिप्तमध्येच नाग हम्मादी येथे त्या ग्रंथाची कॉप्टिक भाषेतील पूर्ण प्रत सापडल्यानंतर कळले. ग्रेनफेल आणि हंट यांनी एकूण सहा हंगामांत सुमारे पाच लाख तुकडे गोळा केले. १८९८ पासून त्यांचे ८० हून अधिक खंड प्रसिद्ध झाले असून काम अजून चालू आहे.

परंतु ते दोघे कागद शोधत होते. शहराचा अभ्यास करत नव्हते. मोठ्या संख्येने मजूर लावून ढिगारे उपसले गेले. तुकडे पत्र्याच्या डब्यांत भरून ऑक्सफर्डला रवाना झाले. कोणता तुकडा कोणत्या थरात, कोणत्या तारीखवार पावतीच्या शेजारी होता, याची बारकाईने नोंद झाली नाही. त्या काळच्या रीतीला धरून ते होते, आणि त्यांनी वाचवलेल्या साहित्याचे मोलही मोठे आहे. तरीही शेजाऱ्यांची ती साक्ष कायमची गेली. हंगाम संपल्यावर ज्यांनी गुपचूप खणून तुकडे विक्रेत्यांना विकले त्यांच्याकडून तर एवढीही माहिती मिळण्याची आशा नव्हती. पी-५२ असाच बाजारातून आलेला आहे.

'गॉड्स लायब्ररी' या पुस्तकात नॉन्गब्री यांनी यावर एक वेगळा उपाय सुचवला आहे. जमिनीतील थर गेले असतील, तर संग्रहालयातील थर खणा! विक्रेत्यांची पत्रे, खरेदीच्या नोंदी, जुनी छायाचित्रे, एकाच वेळी विकल्या गेलेल्या वस्तूंच्या याद्या, पुस्तकाची बांधणी, पानांचा आकार, हे सारे एकत्र मांडले की हस्तलिखिताचे मूळ सोबती कोण होते हे काही अंशी कळते. योहानाच्या शुभवर्तमानाचीच आणखी एक प्रत, 'पी-६६', १९५६ साली प्रसिद्ध झाली तेव्हा ती इ.स. २०० च्या सुमाराची मानली गेली. नॉन्गब्री यांनी २०१४ साली तिचा आकार, बांधणी आणि तिच्याबरोबर आलेली इतर हस्तलिखिते यांचा विचार करून ती चौथ्या शतकातील असणेही अगदी शक्य आहे असे दाखवले.

मग कार्बन-१४ का नाही?

विद्यार्थी हा प्रश्न विचारतीलच. झाड जिवंत असताना हवेतून कार्बन घेते, त्यात किरणोत्सारी कार्बन-१४ अत्यल्प प्रमाणात असतो. झाड कापले की नवा कार्बन येणे थांबते आणि आतला कार्बन-१४ घटत जातो. त्याचा अर्धायुकाल ५७३० वर्षे.

आता हिशोब करून पाहा. १९०० वर्षांनी मूळ कार्बन-१४ पैकी सुमारे ७९.५ टक्के उरतो. १८०० वर्षांनी सुमारे ८०.४ टक्के. म्हणजे '१२५ की २२५?' हा प्रश्न सोडवायचा तर जेमतेम एका टक्क्याचा फरक ओळखता आला पाहिजे. त्यात मोजमापाची चूक आहे, नमुन्यात शिरलेली बाहेरची अशुद्धी आहे, आणि हवेतील कार्बन-१४ चे प्रमाणही दर वर्षी सारखे नव्हते, म्हणून झाडांच्या वाढीच्या वलयांवरून केलेली दुरुस्तीही करावी लागते. 'यहूदाचे शुभवर्तमान' ज्या हस्तलिखितात आहे त्याची अशी चाचणी झाली तेव्हा उत्तर आले इ.स. २८०, अधिक-उणे ६० वर्षे. म्हणजे २२० ते ३४०. प्रत तिसऱ्या-चौथ्या शतकातील आहे हे कळले, ते मोलाचेच आहे. पण पी-५२ च्या वादात नेमका एवढ्याच रुंदीचा पट्टा आधीपासून आहे!

शिवाय चाचणीसाठी नमुन्याचा काही भाग जाळावा लागतो. पूर्वी त्याला कित्येक ग्रॅम लागत. आताच्या त्वरक यंत्रांना मिलिग्रॅमभर पुरते. तरी तळहातापेक्षा लहान कपट्याचा तेवढाही भाग गमावण्यास संग्रहालये सहजी तयार होत नाहीत.

जुना पपायरस, नवी शाई

कार्बन-१४ ची आणखी एक मर्यादा आहे. ती पपायरस कधी कापला ते सांगते, लिहिले कधी ते सांगत नाही. २०१२ साली हार्वर्ड विद्यापीठाच्या प्राध्यापक कॅरन किंग यांनी एक कॉप्टिक तुकडा जाहीर केला. त्यात येशू आपल्या पत्नीचा उल्लेख करतो असे दिसत होते. जगभर खळबळ उडाली. पपायरसची चाचणी झाली आणि तो खरोखरच हजाराहून अधिक वर्षांपूर्वीचा निघाला. अनेकांना वाटले, प्रश्न सुटला.

परंतु याच मालकाकडून त्याच्याबरोबर योहानाच्या शुभवर्तमानाचा एक कॉप्टिक तुकडाही आलेला होता. ख्रिश्चन अॅस्कलंड या अभ्यासकाने २०१४ साली त्याची तुलना १९२४ साली छापलेल्या एका आवृत्तीशी केली. तुकड्यातील ओळी छापील पुस्तकातील एक ओळ सोडून दुसरी, अशा तंतोतंत जुळत होत्या. ओळ कोठे तुटावी हेही तेच. प्राचीन लेखकाला विसाव्या शतकातील छपाईच्या ओळी कशा माहीत असणार? कोणीतरी जुना कोरा पपायरस मिळवून त्यावर पुस्तकातून नक्कल केली होती. पत्नीचा उल्लेख असलेल्या तुकड्यावरचे अक्षरही त्याच हाताचे दिसत होते. पुढे २०१६ साली तुकड्याच्या मालकाविषयीची माहिती एका पत्रकाराने खणून काढली आणि किंग यांनीही तो बहुधा बनावट असल्याचे मान्य केले. तुकडा कोठून आला, हा प्रश्न आरंभीच कसोशीने विचारला असता तर बरेच काही टळले असते.

'जुने' या शब्दाची ओढ किती जबर असते याचा आणखी एक दाखला पाहा. २०१२ च्याच आरंभी एका जाहीर वादविवादात सांगण्यात आले की मार्कच्या शुभवर्तमानाचा पहिल्या शतकातील तुकडा मिळाला आहे. सहा वर्षे त्याची चर्चा चालली. २०१८ साली तो प्रसिद्ध झाला तेव्हा कळले की तो ऑक्सिरिंकसच्या जुन्या संग्रहातलाच आहे आणि त्याचा काळ दुसऱ्या शतकाची अखेर किंवा तिसऱ्याचा आरंभ असा दिलेला आहे.

या ओढीची किंमत केवळ ग्रंथांतच मोजावी लागत नाही. तुकडा जितका जुना तितका भाव अधिक; भाव वाढला की चोरून खणणाऱ्यांना काम मिळते; आणि चोरून खणले की थर उद्ध्वस्त होतात. सांस्कृतिक वस्तूंच्या बेकायदा व्यापाराविरुद्ध युनेस्कोचा करार १९७० साली झाला आणि इजिप्तने १९८३ च्या कायद्याने प्राचीन वस्तूंचा व्यापारच बंद केला. तरीही ड्यूरा-युरोपसच्या जागेवर २०११ नंतरच्या यादवी युद्धाच्या काळात बेसुमार खोदाई झाली. ज्या मातीने २५६ हे वर्ष सांगितले, ती माती आता फारसे काही सांगू शकणार नाही.

वर्गात करून पाहा

हा सारा विषय शाळेत प्रयोगाने शिकवता येतो. घरोघरी जुनी पोस्टकार्डे असतात. घरच्यांच्या परवानगीने तीस-चाळीस पोस्टकार्डे जमवा. त्यांवरील टपालाचा शिक्का हा आपला तारीखवार पुरावा. निम्म्या कार्डांचे शिक्के उघडे ठेवा. उरलेल्यांचे शिक्के, तारखा आणि छापील किंमत चिकटपट्टीने झाका. आता विद्यार्थ्यांचे तीन गट करा.

पहिल्या गटाने फक्त अक्षराच्या वळणावरून झाकलेल्या कार्डांचे वर्ष सांगावे. दुसऱ्या गटाला शाई पाहू द्या. बॉलपेन दिसले की कार्ड अमुक काळाआधीचे असू शकत नाही, हे त्यांना कळेल. एगर्टनवरील त्या चिन्हाने असेच काम केले होते. तिसऱ्या गटाला कार्ड कोणत्या गठ्ठ्यातून आले आणि शेजारी कोणती कार्डे होती ते सांगा. प्रत्येक गटाने एक आकडा न देता 'या वर्षापासून त्या वर्षापर्यंत' असा पट्टा द्यावा. शेवटी चिकटपट्ट्या काढा आणि कोणाचे किती पट्टे बरोबर आले, ते किती रुंद होते, याचा तक्ता फळ्यावर मांडा.

एक गोष्ट हमखास दिसेल. ज्या आजोबांनी विसाव्या वर्षी जे वळण गिरवले, तेच त्यांनी सत्तराव्या वर्षीही ठेवलेले असते. केवळ अक्षरावरून वीस वर्षांचा पट्टा सांगणारा गट पुष्कळदा चुकेल. पन्नास वर्षांचा सांगणारा बहुधा चुकणार नाही. पी-५२ खाली 'इ.स. १२५' ऐवजी 'दुसरे शतक, कदाचित तिसऱ्याचा आरंभ' असे लिहिणे म्हणजे काय, हे त्यानंतर विद्यार्थ्यांना वेगळे समजावून सांगावे लागणार नाही. तक्ता तयार झाला की त्याची एक प्रत आम्हाला जरूर पाठवा.